मालक स्वतः कारागीर आहेत काय?

मंगळवार, ४ जून

आजपासून रोजनिशी. लोकांचे सरकारी अर्ज भरून देणारा फॉर्मवाला म्हणाला, ज्याला सरकारी कामं घ्यायचीत त्याने सगळं लिहून ठेवावं, उद्या कोणी विचारलं तर दाखवता येतं. ही मात्र मी कोणाला दाखवणार नाही.

झालं असं की सकाळी नेहमीसारखा हातगाडी घेऊन दप्तर कार्यालयात गेलो, तीन मोडक्या खुर्च्या आणायला. हेडक्लार्कने फाटकातच गाठलं. म्हणाले, आता हे असं परस्पर चालणार नाही. चारशे बारा खुर्च्यांची निविदा निघतेय, सगळी आसनं वेताने नव्याने विणायची, मुदत आठ महिने. फक्त नोंदणी झालेल्या उद्योगांनी भरायची. "तुमची नोंदणी आहे का?" मी म्हणालो, सव्वीस वर्षं येतोय साहेब. "येताय ते दिसतंय. नोंदणी आहे का?"

हे कार्यालय म्हणजे आमचं जवळजवळ सगळं काम. ते गेलं की दुकानाला कुलूप. दुकान म्हणजे मी आणि ताई. ताई विणते, बाकी सगळं मी बघतो. खुर्च्या आणणं, पोचवणं, पॉलिश, आणि मुख्य म्हणजे बोलणं. बाबांनी वेत ताईला शिकवला, मला नाही, कारण मला बोलता येत होतं.

दुपारी ताईला सांगितलं. ती म्हणाली, "बंद पडलं तर पडलं. मी पोरीकडे जाईन. ती कधीची बोलावतेय. नातवाला आजी म्हणजे फोन वाटतो." भाची रेल्वेने एका दिवसाच्या अंतरावर राहते. मी म्हणालो, जा की, तुला कोणी धरून ठेवलंय? नंतर पॉलिश करताना मनात आलं, ती गेली की या घरात मी आणि पॉलिशचा डबा. मला ते नकोय. इथे खोटं लिहून काय उपयोग. नोंदणी करायचीच.

गुरुवार, ६ जून

फॉर्मवाल्याच्या दुकानात अडीच तास. एक संगणक, एक छपाईयंत्र आणि भिंतीवर 'उधारी विचारू नये'. फॉर्म सत्तावीस पानांचा.

उद्योगाचं नाव विचारलं. मी म्हणालो, 'आसन उद्योग समूह'. फॉर्मवाला म्हणाला, काका, समूह कुठाय? म्हटलं, नाव आधी ठेवायचं असतं, माणसं मागून येतात.

कामगार किती, या रकान्यावर गाडी अडली. दहापेक्षा कमी कामगार असले तर पन्नास खुर्च्यांपर्यंतच काम मिळतं. चारशे बारा हव्या असतील तर दहा लागतात. मी खिडकीबाहेर बघितलं. बराच वेळ बघितलं. मग म्हणालो, दहा लिही. फॉर्मवाल्याने चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि लिहिलं. ही योजना कारागिरांसाठी आहे म्हणे, म्हणून शेवटी आणखी एक प्रश्न होता. मालक स्वतः कारागीर आहेत काय? आता हे काय विचारणं झालं? म्हटलं, लाव टिक, जन्म गेला खुर्च्यांत.

दहाचं ताईला सांगितलं नाही. नावाचं सांगितलं. ती म्हणाली, "नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा." असू दे. तिला व्यवहार कळत नाही.

मंगळवार, ११ जून

अनुभवाचा दाखला हवा. तो सोपा वाटला होता. सव्वीस वर्षांचा अनुभव, आणि तो ज्यांच्याकडे घेतला ते हेडक्लार्क समोर बसलेले.

ते म्हणाले, "देता येत नाही. आमच्या रजिस्टरप्रमाणे या कार्यालयातली एकही खुर्ची आजवर मोडलेली नाही. मोडली असती तर मोडल्याचा अहवाल असता, तो वर गेला असता, वरून चौकशी आली असती. अहवाल नाही, म्हणजे मोडली नाही. आणि न मोडलेली खुर्ची तुम्ही दुरुस्त केली असं मी कसं लिहू?" मी विचारलं, मग या चारशे बारा? ते म्हणाले, "त्या या वर्षी मोडल्या."

हे ते ज्या खुर्चीवर बसून बोलत होते तिचं आसन ताईने तीनदा विणलंय. साहेब वजनदार आहेत आणि विचार करताना एका बाजूला कलतात, ती बाजू आधी जाते. पण मी तोंडातून ब्र काढला नाही. धंद्यात डोकं थंड पाहिजे.

शेवटी माणूस भला, काहीतरी देतो म्हणाले. दाखला असा आहे: "सदर इसम गेली सव्वीस वर्षे या कार्यालयात नियमित येत असून त्यांचे वर्तन चांगले आहे." गोल शिक्क्यासह. मला वाचून भरून आलं. शाळेतसुद्धा मला असं कोणी लिहून दिलं नव्हतं. फॉर्मवाल्याने तो अनुभवाच्या जागी चढवला आणि संगणकाने तो मुकाट्याने घेतला.

मंगळवार, १८ जून

पत्र आलं. अर्ज प्राथमिक छाननीत पात्र. मी ते पत्र ताईला मोठ्याने वाचून दाखवत होतो आणि भरात दुसरा परिच्छेदही वाचून गेलो: दोन जुलैला तपासणी अधिकारी येतील आणि दहाही कामगार प्रत्यक्ष काम करताना पाहतील.

ताईने हातातली वेताची पट्टी खाली ठेवली. "दहा कोण?"

मी सांगितलं.

ती खूप बोलली. सगळं इथे लिहीत नाही. सारांश असा की मी लहानपणीही असाच होतो. मी म्हणालो, शेजारपाजारची दहा माणसं आणून बसवू, हातात एकेक पट्टी देऊ, अर्ध्या तासाचा तर प्रश्न. तेव्हा ती म्हणाली, "माझ्या खोलीत खोटं विणलेलं चालणार नाही. आण तुझी दहा. जो पट्टी हातात धरेल तो विणायला शिकेल, नाहीतर घरी जाईल."

चौदा दिवसांत. मी मनात म्हटलं, आता बारा वाजले.

गुरुवार, २० जून

दहा जमले. कसे ते मलाच माहीत. दुपारी गिऱ्हाईक नसतं म्हणून सलूनवाला. निवृत्त कंडक्टर, ज्याला घरी कोणी बसू देत नाही. कोपऱ्यावरच्या शिवणवाल्या बाई आणि त्यांच्या दोन जावा. फॉर्मवाल्याला मीच ओढलं. म्हटलं, दहा तू लिहिलेस, एक तू भर. बाकीचे चौघे कंडक्टरच्या ओळखीचे. त्याच्या ओळखीला तोटा नाही, अख्खं गाव त्याने उभं राहून पाहिलंय.

सगळ्यांना सांगितलं, फक्त दोन तारखेपर्यंत. चहा माझ्याकडून.

सोमवार, २४ जून

ताईला मी अशी कधी बघितली नव्हती. घरात चार शब्दांवर पाचवा न बोलणारी बाई, आणि आता खोलीभर आवाज. सकाळी पट्ट्या पाण्यात भिजत घालायच्या, मऊ झाल्या की पुसायच्या, खुर्चीच्या चौकटीच्या भोकांतून ओवून खुंटी मारायची. दोन फेऱ्या उभ्या, दोन आडव्या, दोन तिरक्या. उभ्या-आडव्या कोणालाही जमतात. तिरक्या आल्या की माणूस कळतो, असं ताई म्हणते. एक तिरकी चुकीच्या बाजूने घातली की पट्टी घासते आणि वर्षात तुटते.

सलूनवाल्याचा हात हलका. शिवणवाल्या बाई दोन दिवसांत तिरक्यांवर. कंडक्टर प्रत्येक भोकाला "पुढे चला, पुढे चला" म्हणतो आणि ताई हसते. ताई हसते!

मला म्हणाली, "तूही बस की. अकरावी खुर्ची आहे." मी म्हणालो, कोणीतरी देखरेख करायला हवी. ती म्हणाली, "हो, उंटावरून शेळ्या हाकायला माणूस लागतोच." सगळे हसले. मालकाने असल्या गोष्टी मनावर घ्यायच्या नसतात. मी घेतलेली नाही. फक्त लिहून ठेवतोय.

मंगळवार, २ जुलै

तपासणी झाली. उद्या लिहीन.

बुधवार, ३ जुलै

लिहितो.

अधिकारी म्हणजे तिशीतली बाई, हातात फळी, फळीला कागद. चहाला नाही म्हणाली. एकेका खुर्चीपाशी वाकून बघायची. दहाच्या दहा! एकही पट्टी उलटी नाही. कंडक्टरला विचारलं, किती दिवस करताय? तो म्हणाला, "बाई, पहिल्या दिवसापासून." तिने लिहून घेतलं.

मला वाटलं, जिंकलो. तेव्हा ती माझ्याकडे वळली. "आणि मालक तुम्ही. अर्जात कारागीर म्हटलंय. दाखवता?"

मी म्हणालो, अवश्य. खरंच सांगतो, मला क्षणभरही भीती वाटली नाही. सव्वीस वर्षं हे काम मी बघतोय. बघून बघून येत नाही का? बसलो. पट्टी घेतली. ती भोकात जाईना. मग गेली, पण भलत्याच भोकात. खुंटी मारली तर पट्टी चिरली. दुसरी घेतली. मी म्हणालो, ही खुर्ची जरा जुनी आहे. मागून कंडक्टर हळूच म्हणाला, नाचता येईना अंगण वाकडं. कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.

ताई उठली, माझ्या हातातली पट्टी काढून घेतली आणि म्हणाली, "राहू दे." एवढंच. प्रेमाने म्हणाली, म्हणून जास्त लागलं.

जे दहा मी खोटे लिहिले ते खरे निघाले. आणि जे लिहिताना खोटं आहे असं मला वाटलंही नव्हतं, ते. असो.

मंगळवार, ९ जुलै

अर्ज फेटाळला. "कामगारांचे कौशल्य समाधानकारक. मालक कारागीर असल्याचे विधान खरे आढळले नाही." शिक्का गोलच.

दहा जणांना सांगितलं, झालं, आता येऊ नका. सगळे म्हणाले बरं. आणि दुपारी सगळे आले. सलूनवाला म्हणाला, "अर्धं आसन टाकून कसं जायचं?"

ताईने भाचीला फोन केला. भाची रविवारी न्यायला येतेय.

शुक्रवार, १२ जुलै

एक गोष्ट लिहायची राहिली. नऊ तारखेलाच फॉर्मवाल्याने मला बाजूला घेऊन सांगितलं होतं: "काका, ताईंच्या नावाने नवा अर्ज टाका. दहा जण तपासून झालेत, फक्त मालकाचा हात बघतील. निविदेची मुदत एकतीसपर्यंत आहे. आरामात होईल." मी म्हणालो, बघतो.

तीन दिवस झाले, मी बघतोय. ताईला सांगितलेलं नाही. फॉर्मवाल्यालाही म्हटलं, तू बोलू नकोस, मी बोलतो.

कारणं आहेत. एक, तिला कागदपत्रांचा त्रास होईल. दोन, या वयात जबाबदारी. तीन, बाबांनी दुकान माझ्या हाती दिलं. ही तीन कारणं मी काल एका चिठ्ठीवर लिहिली आणि आज वाचली तर तीनही वेळा मीच दिसलो. ती गेली तरी चालेल पण दुकानाची मालकीण म्हणून राहायला नको, असा कसा मी? आणि गेली तर चालणार नाहीच. काल तिने कपाटातून साड्या काढून ठेवल्या. मी तिथून तीनदा उगाच गेलो.

रविवार, १४ जुलै

भाची सकाळच्या गाडीने आली. "मामा, वाळलास की," म्हणाली. दुपारी जेवताना मी सांगून टाकलं.

ताईने विचारलं, "कधी कळलं तुला?"

"मंगळवारी."

"म्हणजे पाच दिवस."

भाची ताटाकडे बघत राहिली. ताई म्हणाली, "सव्वीस वर्षं विणलं मी आणि फॉर्मवर कारागीर तू. त्याला मी काही म्हटलं? उलट तुझ्या हातातून पट्टी मीच घेतली, लोकांपुढे तुझी शोभा नको म्हणून. आणि तू पाच दिवस मला साड्यांच्या घड्या घालताना बघत बसलास." मग ती रडली. मी तिला भाऊजी गेले तेव्हा बघितलं होतं रडताना, त्यानंतर आज. माझी चूक आहे असं मी म्हणालो. हे वाक्य मी आयुष्यात फार वेळा वापरलेलं नाही, त्यामुळे नीट आलं नाही.

मंगळवार, १६ जुलै

दोन दिवस अबोला. आज पट्ट्या भिजत घालता घालता, माझ्याकडे न बघता, ताई बोलली.

"अर्ज टाकते. माझ्या नावाने. पण मी जन्मभर इथे बसणार नाही, मला नातू बघायचाय. तोवर घरचं कोणीतरी शिकायला हवं. बाकीचे दहा येतील, जातील. तू शीक. तुला सगळं आसन एकट्याने आलं की दुकान तुझं, आणि मी पोरीकडे."

भाची म्हणाली, "म्हणजे कधी, आई?" ताई म्हणाली, "तुझ्या मामावर आहे."

नव्या अर्जात माझा हुद्दा मी 'व्यवस्थापक' लिहिला होता. ताईने खोडून 'शिकाऊ' केलं. वय वर्षे अठ्ठावन्न. फॉर्मवाला म्हणाला, शिकाऊला वयाची अट नाही, मी बघितलंय.

सोमवार, २९ जुलै

ताईच्या अनुभवाचा दाखला आणायला हेडक्लार्ककडे गेलो होतो. त्यांनी असा दिला: "सदर महिला या कार्यालयात कधीही आलेल्या नाहीत. त्यांच्याविषयी कोणतीही तक्रार नाही." तोही चालला.

अधिकारी बाई परवा येऊन गेली. ताईने विणायला घेतलं आणि ती बाई फळी मांडीवर ठेवून बघतच बसली. जाताना मला म्हणाली, "तुम्ही शिकताय ना?" म्हटलं, हो. "छान," म्हणाली. चहाही घेतला. नोंदणी आज आली. निविदा भरली.

मंगळवार, २० ऑगस्ट

काम मिळालं. चारशे बारा. दुसऱ्या कोणीतरी वेताऐवजी फोम लावू असं लिहिलं होतं, तिसऱ्याने काय ते कळलं नाही. मालकीणबाईंनी सगळ्यांना पुढच्या सोमवारपासून वेळेवर यायला सांगितलं, माझ्याकडे बघून. पहिली खेप मीच हातगाडीवर आणली. दोन फेऱ्यांनी दमलो. भाचीला फोन केला, म्हटलं, आई थांबतेय गं. ती म्हणाली, "मामा, लवकर शिक मात्र." म्हटलं, प्रयत्न चालू आहे.

बुधवार, २५ सप्टेंबर

उभ्या जमल्या. आडव्या जमल्या. बोटांना चिरा पडल्यात आणि अंगठ्याला घट्टा आलाय. मला सांगायला लाज वाटते, पण तो मी सारखा चाचपून बघतो. तिरक्या मात्र पालथ्या घड्यावर पाणी. ताई चार वेळा सोडवायला लावते. रागावत नाही. शिवणवाल्या बाई म्हणाल्या, "काका, तेवढ्यात माझ्या धाकट्या जावेने बावीस खुर्च्या केल्या." ऐकून घेतलं. शिकाऊ माणसाने ऐकून घ्यायचं असतं.

गुरुवार, ७ नोव्हेंबर

आज दुपारी सगळे जेवायला गेले, ताई कापडवाल्याकडे. खोलीत मी एकटा. दोनशे एक्याण्णव नंबरची खुर्ची पुढ्यात होती. पहिली तिरकी ओवली. विचार करत नव्हतो, मनात दुसरंच काही होतं, आणि हात आपोआप खालून वर, वरून खाली जात राहिले. मग उलटी तिरकी. शेवटच्या खुंटीशी आलो तेव्हा कळलं की झालं. सहाही फेऱ्या. तळहाताने दाबून बघितलं, कुठे घासत नव्हतं. ताईचं असतं तसंच होतं. जवळजवळ.

इतका आनंद झाला की उठून दारापर्यंत गेलो, कोणाला तरी हाक मारायला. रस्त्यावर ओळखीचं कोणी नव्हतं. मग ताईची अट आठवली आणि तिथेच उभा राहिलो.

आत आलो आणि तिरक्या दोन्ही सोडवल्या. सावकाश, पट्टी चिरू नये म्हणून. उभ्या-आडव्या ठेवल्या.

ताई आली. म्हणाली, "कुठवर?" मी म्हणालो, तिरक्या काही जमत नाहीत बघ. माझ्या हातातली पट्टी तिने घेतली, खिडकीकडे धरली, दोन बोटांतून टोकापासून टोकापर्यंत ओढली. पट्टीला खालून-वर गेल्याचे सारख्या अंतरावर बाक पडले होते, ते मोजल्यासारखी एकेकावरून बोट फिरवत गेली. मला वाटलं, पट्टी खराब केली म्हणून ओरडणार. ओरडली नाही. पट्टी पुन्हा पाण्यात टाकली आणि म्हणाली, "बराच वेळ लागणार तुला."

मी हो म्हणालो. मग तिने भाचीला फोन लावला आणि म्हणाली, "अगं, तूच ये नातवाला घेऊन, आठ-पंधरा दिवस राहा. तुझ्या मामाचं इतक्यात काही खरं नाही." फोनवर चांगली हसत होती. तिला काही कळलेलं दिसत नाही. जीव भांड्यात पडला.